खाडाखोड

कोर्टात आम्ही एकमेकांशी बोलत नाही.
वकिलांनी तसं बजावलंय.
चांगदेव वादी, तो खिडकीकडच्या बाकावर.
काशिनाथ आणि दिनेश प्रतिवादी, ते भिंतीकडे.
मी प्रतिवादी क्रमांक तीन,
पोशा जोमा म्हात्रे, मयत, यांची मुलगी,
वय छप्पन, धंदा घरकाम.
मी दारातच उभी राहते,
पुकारा झाला की हात वर करायला बरं.

तारीख पडते.
कोर्ट नाक्यावरून तिघे तीन रिक्षांनी निघतात
आणि संध्याकाळी तळवलीला
एकाच परातीतले तळलेले बोंबील खातात.

कारण कागद झालाय.
म्हणजे झाल्यासारखा आहे.

गच्चीवर, टाकीच्या आडोशाला,
पाचशेच्या मुद्रांकावर, भाच्याच्या अक्षरात.
दाव्याचं काय व्हायचं ते होईल,
तो आपल्या नातवंडांनाही पुरेल,
आपण आपलं वाटून मोकळे होऊ.

साडेबारा टक्क्यांतला प्लॉट, बिल्डर देईल त्याचे तीन भाग.
गरजेपोटी बांधलेलं घर, तळमजला थोरल्याला,
वरचे दोन मजले दोघांना.
भाड्याच्या खोल्या सात. दोन, दोन, दोन,
सातवीचं भाडं पाळीपाळीनं, गणपती ते गणपती.
होडी मोडीत गेली,
तिच्या पैशातून हा मुद्रांक आणला.
उघाडी...

इथे भाच्याचं पेन थांबलं.
उघाडी म्हणजे काय, मामा?

बांधाला लाकडी झडप होती.
ओहोटीला उघडायची, भरतीआधी मिटायची,
नाहीतर खारं पाणी शेतात.
तिच्यावरून आता सर्व्हिस रोड जातो.
लिहू नको, म्हणाला दिनेश.
लिही, म्हणाला चांगदेव, बाबाची आहे.
बराच वेळ कुणी काही बोललं नाही.
मग लिहिलं : उघाडी सामाईक.

तिघांच्या चेहऱ्यावर तेव्हा जे आलं
ते कोर्टानं पाहिलं असतं
तर दावा तिथंच निकाली निघाला असता.

आणि त्याखाली, आधीच लिहून ठेवलेलं,
बहिणीची या वाटणीस काही हरकत नाही.
शेजारी पेन्सिलीची बारीक फुली.
इथं कर गो बाय, फुलीवर.
तुला सासरी काय कमी हाय?

कमी काहीच नाही.
पण रात्री दोन वाजता कंदील धरून
बाबाबरोबर बांधावर मी जायची.
पोरांची सकाळची शाळा असायची.
अष्टमीला भांग, अवसेला उधाण,
पाणी कधी उलटतं ते चिखलाच्या वासावरून कळायचं,
आणि झडपेचा दोर एकट्या बाबाला ओढत नव्हता.
सामाईक म्हणता,
तर त्या दोराला हात कुणाकुणाचे होते?

हे मी बोलले नाही.
पेन घेतलं
आणि शेवटचा शब्द तेवढा खोडला.
एकच आडवी रेघ,
खालचं अक्षर वाचता येईल अशी.
वाक्य लटकत राहिलं :
बहिणीची या वाटणीस काही हरकत

आत्या, मग आहे लिहू का, भाच्यानं विचारलं.
म्हटलं, थांब.
खाडाखोड झाली की बाजूला
सगळ्यांच्या सह्या लागतात आधी.
हे मला वकिलानं नाही शिकवलं,
बचत गटाच्या वहीनं शिकवलं.

दिनेशनं लगेच केली, मान खाली घालून.
चांगदेवनं चष्मा पुसला, पुन्हा पुसला, केली.
काशिनाथनं पेनाला झाकण लावलं,
खिशात ठेवलं.
त्याचंच पेन होतं.

तेवढ्यात टाकी भरून वाहू लागली.
पाणी गच्चीवरून सरकत
चटईच्या काठाशी, कागदाच्या दिशेनं.
तिघेही बघत राहिले,
प्रत्येकाला वाटलं दुसरा उठेल.

मोटारीचं बटण जिन्याखाली आहे,
मीटरच्या मागे, अंधारात.
मला दिवा लागला नाही.